जवळा : किनाऱ्याचे लहान धन



पावसाळ्याच्या तोंडी कोकणातील घरोघरी जी बेगमी होते, तीत सुक्या जवळ्याचा डबा हमखास असतो. घाटावरच्या आठवडी बाजारातही जवळा मापाने विकला जातो. मात्र अतिपरिचयामुळे त्याचे खरे मोल सहसा लक्षात येत नाही.

जवळा म्हणजे कोळंबीची पिल्ले, हा समज चुकीचा आहे. जवळा हा निराळ्या कुळातील, पूर्ण वाढ होऊनही बहुधा चार सेंटिमीटरांच्या आतच राहणारा जीव होय. कोळंबीला चालण्याच्या पायांच्या पाच जोड्या असतात, जवळ्याला तीनच. त्याच्या वंशाचे शास्त्रीय नाव ॲसिटीस. मिल्न-एडवर्ड्स या फ्रेंच शास्त्रज्ञाने 1830 मध्ये या वंशाचे प्रथम वर्णन केले. आपल्या किनाऱ्यावर विपुल सापडणारी जात म्हणजे ॲसिटीस इंडिकस.

समुद्रातील सूक्ष्म जीवांवर जवळा जगतो आणि बोंबील, वाकटी, ढोमा यांसारखी मासळी जवळ्यावर पोसते. म्हणजे जवळा केवळ माणसाचेच नव्हे, तर माणसाला हव्या असलेल्या माशांचेही अन्न आहे.

भरती-ओहोटीच्या प्रवाहात रोवलेल्या डोल जाळ्यात जवळ्याचे थवे वाहत येतात. तो सापडावा म्हणून जाळ्याच्या टोकाचा आस अतिशय बारीक ठेवतात. त्यामुळे इतर माशांची पिल्लेही त्यात अडकतात. आज पिल्ले मारली, तर उद्याची मोठी मासळी घटते. यासाठी आसाच्या आकाराविषयीचे नियम पाळणे मच्छीमारांच्याच हिताचे आहे.

दुसरा प्रश्न वाळवणाचा. ताजा जवळा लवकर नासतो, म्हणून बराचसा माल उन्हात सुकवतात. हे कष्टाचे काम मुख्यतः कोळी स्त्रिया करतात. वाळूवर पसरलेल्या जवळ्यात रेती मिसळते, त्याचा दर्जा उतरतो आणि खाण्याचा माल कोंबड्यांच्या खाद्यासाठी कवडीमोलाने जातो. अवकाळी पावसाची एक सर आली, तर दिवसभराची मेहनत वाया जाते. सिमेंटचा ओटा, स्वच्छ पाणी आणि वेळेवर झाकण्यासाठी ताडपत्री एवढ्या साध्या सोयींनी हे नुकसान बरेच टळू शकते.

किनाऱ्यावरील ग्रामपंचायतींनी वाळवणाच्या जागेला गावाच्या खळ्याचा मान द्यावा. शिक्षकांनी मुलांना ओंजळभर जवळा दाखवून समुद्राची अन्नसाखळी शिकवावी. जीव लहान असला, तरी त्याच्यावर अनेक घरांच्या चुली पेटतात.