त्यात तुमचं काय जातं?



गल्लीत दोघांचं भांडण पेटलेलं असावं आणि तिसऱ्यानं मध्ये तोंड घालावं, की त्याला ठरलेला प्रश्न येतो: "त्यात तुझं काय जातं?" हा प्रश्न माणसाला हुसकावण्यासाठी असतो, उत्तर कुणालाच नको असतं. दिवाणी न्यायालयात मात्र तोच प्रश्न खरोखर उत्तर मिळावं म्हणून विचारतात. चालू दाव्यात बाहेरच्या माणसाला आत घ्यायचं की दारातूनच परत पाठवायचं, याचा बहुतेक सगळा कायदा या एका प्रश्नात मावतो, असं मला पस्तीस वर्षं काळा कोट घातल्यावर वाटू लागलं आहे.

मला तो पहिल्यांदा विचारला गेला तेव्हा माझी सनद दोन वर्षांची होती. दावा घरमालक आणि भाडेकरू यांचा. माझा अशील शेजारचा कापडवाला. भाडेकरू निघाला तर मालक तिथं खानावळ काढणार, धुरानं आपल्या मालाची वाट लागणार, अशी त्याची धास्ती. मी त्याला त्रयस्थ म्हणून सामील करून घ्या असा चार पानी अर्ज लिहिला. न्यायाधीशसाहेबांनी तो चाळला, चष्मा कपाळावर चढवला आणि विचारलं, "वकीलसाहेब, या दोघांच्या भाडेपट्ट्यात तुमच्या अशिलाचं काय जातं?" मी म्हणालो, "साहेब, धूर." कोर्टात हशा पिकला. अर्ज नामंजूर झाला, वर खर्चही बसला. धूर झाल्यावर उपद्रवाचा स्वतंत्र दावा लावता आला असता. पण दुसऱ्याच्या भाडेपट्ट्याच्या दाव्यात शिरायला धूर पुरत नाही, एवढं मी त्या दिवशी शिकलो.

आपली दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ सालची. तिचा पहिलाच आदेश पक्षकारांचा आहे आणि त्यातला दहावा नियम, दुसरा पोटनियम, हा आजच्या व्याख्यानाचा नायक. तो सांगतो की दावा कोणत्याही टप्प्यावर असो, कुणी अर्ज केलेला असो वा नसो, न्यायालय एखाद्याचं नाव कमी करू शकतं आणि एखाद्याचं घालू शकतं. कुणाचं घालायचं? ज्याला मुळातच सामील करायला हवं होतं त्याचं. किंवा ज्याच्या हजेरीवाचून दाव्यातले प्रश्न पूर्णपणे आणि परिणामकारक रीतीने सुटणार नाहीत त्याचं. बाररूममध्ये आम्ही पहिल्याला 'नेसेसरी पार्टी' म्हणतो, दुसऱ्याला 'प्रॉपर पार्टी'. पहिला नसेल तर हुकूमनामाच होऊ शकत नाही. दुसरा नसेल तर हुकूमनामा होतो, पण अर्धवट राहतो.

याच्या समोर दुसरं तत्त्व उभं असतं: दाव्याचा धनी वादी. कोर्ट फी त्यानं भरली, खेटे तो घालणार, तर भांडायचं कुणाशी हेही त्यानंच ठरवावं. ज्याच्याशी त्याला भांडायचंच नाही असा माणूस त्याच्या गळ्यात का बांधायचा? या दोन तत्त्वांची ओढाताण म्हणजे त्रयस्थाचा अर्ज.

ती कशी चालते ते मुंबईच्याच एका प्रकरणात नीट दिसतं. एका सर्व्हिस स्टेशनच्या जागेतलं बांधकाम बेकायदा आहे म्हणून महापालिकेनं पाडण्याची नोटीस काढली. स्टेशन चालवणाऱ्यानं त्या नोटिशीविरुद्ध दावा लावला. प्रतिवादी एकच, महापालिका. तेवढ्यात हिंदुस्थान पेट्रोलियम पुढं आली: जागा आमच्याकडून यांच्याकडे गेलेली, हे बांधकाम आमच्या संमतीवाचून झालं, आम्हालाही प्रतिवादी करा. खालच्या कोर्टानं केलं, उच्च न्यायालयानं कायम ठेवलं. १९९२ साली सर्वोच्च न्यायालयानं ते रद्द केलं. न्यायमूर्ती फातिमा बीवी यांनी काढलेला फरक मी ज्युनियर मंडळींना आजही सांगतो. तुमच्याकडे या वादातला चांगला पुरावा आहे? मग तुम्ही साक्षीदार आहात. वादाचा निकाल बरोबर लागावा असं तुम्हाला मनापासून वाटतं? वाटू द्या. पक्षकार व्हायला या निकालानं तुमचा स्वतःचा कायदेशीर हक्क हलला पाहिजे. नोटीस वैध की अवैध एवढाच त्या दाव्यातला प्रश्न होता. कंपनीचं आणि डीलरचं भांडण निराळं, ते त्यांनी निराळ्या दाव्यात भांडावं. त्या निकालपत्रात लंडनच्या न्यायमूर्ती डेव्हलिन यांच्या १९५६ सालच्या निकालाचा आधार आहे. त्याचा आशय असा, की माणसाला पक्षकार करण्याची गरज पडते ती निकाल त्याच्यावर बंधनकारक व्हावा म्हणून. आत येणाऱ्याला बोलायला मिळतं, हे सगळ्यांना दिसतं. तो बांधलाही जातो, हे अर्ज करताना कुणी लक्षात घेत नाही.

आता हैदराबादला जाऊ. मराठवाड्यातल्या ज्येष्ठांना निजामाच्या घराण्याचं नाव सांगायला नको. निजामाचे दुसरे चिरंजीव मोअज्जम जाह. रझिया बेगम यांनी त्यांच्यावर दावा लावला: माझा यांच्याशी १९४८ साली रीतसर निकाह झाला आहे, मी पत्नी असल्याचं जाहीर करा आणि दरमहा दोन हजार रुपये खर्च-ए-पानदान द्या. (पानाच्या डब्याचा खर्च! नवऱ्यानं बायकोला हातखर्चाला द्यायच्या रकमेला इतकं देखणं नाव आपल्याकडे नाही.) प्रतिवादी राजपुत्रांनी काय करावं? कैफियत दाखल करून सगळं कबूल करून टाकलं. वादी म्हणते दिवस, प्रतिवादी म्हणतो दिवस. अशा दाव्यात न्यायाधीशांनी सही करण्यापलीकडे काय उरतं?

तिथं दार वाजलं. अन्वर बेगम आणि त्यांचा मुलगा यांनी अर्ज दिला की कायदेशीर पत्नी मी आहे, वारस हा मुलगा आहे आणि आमच्या पाठीमागं हे दोघं मिळून आमच्या हक्कांचा निकाल लावताहेत. रझिया बेगम यांचा युक्तिवाद वरवर बिनतोड होता. त्या म्हणाल्या, मी यांच्याकडे काहीच मागितलेलं नाही, मालमत्तेत यांचा आज काही हिस्सा नाही, नवरा हयात आहे, मग यांचं जातं काय? १९५८ साली सर्वोच्च न्यायालयानं दोनास एक अशा बहुमतानं त्या मायलेकरांना आत घेतलं. मालमत्तेच्या दाव्यात आजचा, थेट हक्क दाखवा असं म्हणणं ठीक. पण कोण कुणाची पत्नी आणि कोण वारस असं नात्याचं जाहीर उत्तर मागितलं जातं तेव्हा ते दोघांत मावत नाही, पुढच्या पिढीच्या वाटणीपर्यंत जातं. म्हणून तिथं नियम जरा सैल धरावा. शिवाय समोरच्यानं कबुली दिली म्हणून न्यायालय हुकूमनामा द्यायला बांधलेलं नसतं, ते पुरावा मागू शकतं. माझ्या मते त्या प्रकरणाची खरी गोम त्या झटपट कबुलीतच होती. मला वादी-प्रतिवादी कडाडून भांडताना दिसले की त्रयस्थाची फारशी काळजी वाटत नाही. ते गुण्यागोविंदानं वागायला लागले की वाटते.

मालमत्तेचे पुढचे निकाल बहुतेक 'थेट हक्क दाखवा' याच फडताळात बसतात. २००५ च्या कस्तुरी प्रकरणात जमिनीचा साठेखतावरून दावा चालू होता. खरेदीदार विकणाऱ्याला म्हणत होता, करार पाळ. तिसरा उठला, जमीनच माझी. त्याला बाहेर ठेवलं, कारण तो आत आला की कराराच्या दाव्याचा मालकीचा दावा होतो. मुंबई विमानतळ चालवणाऱ्या कंपनीलाही २०१० मध्ये हेच ऐकावं लागलं. विमानतळ प्राधिकरण आणि एक कन्व्हेन्शन सेंटरवाले यांच्यात जमिनीचा दावा होता. प्राधिकरण जिंकलं तर ती जमीन पुढं आपल्याला मिळेल अशी कंपनीची अपेक्षा होती. न्यायमूर्ती रवींद्रन यांनी सांगितलं की अपेक्षा म्हणजे हक्क नव्हे. कायदा म्हणून मला हे पटतं. पण कस्तुरीचा नियम गावात समजावून सांगताना माझी जीभ अडखळते. ज्याच्या ताब्यातली जमीन दुसरे दोघं एकमेकांना विकताहेत, त्याला मी सांगतो, "तुमच्यावर तो निकाल बंधनकारक नाही, तुम्ही वेगळा दावा लावा." तो म्हणतो, "म्हंजी मी बी फी भरू?" तर हो.

दावा चालू असताना जमीन घेणाऱ्याची गत निराळी. मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं बावन्नावं कलम म्हणतं की घेणारा निकालाला बांधील. आपल्या जुन्या मुंबई इलाख्यानं १९३९ मध्ये त्यात दुरुस्ती केली. दाव्याची नोटीस निबंधकाकडे नोंदवलेली असेल तरच खरेदीदार बांधला जातो. महाराष्ट्रात किती वादी ही नोंद करायला विसरतात आणि मग डोक्याला हात लावतात, त्याचे किस्से सांगत बसलो तर जेवणाची वेळ होईल. असा खरेदीदार आत येऊ म्हणाला तर न्यायालय साधारणपणे येऊ देतं. ज्यानं जमीन विकून पैसे खिशात घातले, तो आता दावा जिवावर उदार होऊन कशाला लढवील?

आणि सार्वजनिक प्रश्न असला तर? १९७६ च्या दुरुस्तीनं नियम आठ-अ आला. दाव्यात थेट आणि मुख्यत्वे वादात असलेल्या कायद्याच्या प्रश्नात ज्याला स्वारस्य आहे, त्याला सार्वजनिक हितासाठी मत मांडू देता येतं. पक्षकार न होता. तालुक्याच्या कोर्टात मी तो अर्ज एकदाच पाहिला, आणि शिरस्तेदारांनी तो उलटसुलट करून विचारलं होतं, हे काय प्रकरण आहे?

एक हकीकत सांगतो आणि आवरतो. एक बाई आल्या, हातात साडीच्या दुकानाची पिशवी, तिच्यात सातबारा. वडील वारलेले, मागं दोन भाऊ आणि या. थोरल्यानं धाकट्यावर वाटपाचा दावा लावला होता आणि दाव्यात वंशावळ दिली होती दोनच नावांची. बाईंना पत्ता लागला तो एका लग्नाच्या पंगतीत, भावजयीच्या तोंडून: "परवा तडजोड आहे ना कोर्टात." वाटपाच्या दाव्यात प्रत्येक हिस्सेदार आवश्यक पक्षकार असतो, हे कायद्याचा पहिल्या वर्षाचा विद्यार्थीही सांगेल. वारसांतून मुलीला गाळून कुणी वाटप करू शकत नाही.

तडजोडीची पुरशिस, म्हणजे लेखी निवेदन, द्यायच्या दिवशीच आम्ही अर्ज दिला. साहेबांनी शेरा मारला, 'अदर साईड टू से', म्हणजे दुसऱ्या बाजूनं म्हणणं द्यावं. दोन्ही भावांच्या वकिलांचे से आले. मजा अशी, की कागद वेगळे, सह्या वेगळ्या, पण दोन्हींत 'अर्जदारास' हा शब्द एकाच ठिकाणी एकाच पद्धतीनं चुकला होता. एकमेकांवर दावा लावलेल्या भावांचा टायपिस्ट एक होता. मी ते दोन्ही कागद शेजारी शेजारी धरून साहेबांपुढं ठेवले, बोललो काही नाही. साहेबांनी बाईंकडे पाहून विचारलं, "तुमचं यात काय जातं, बाई?" त्या म्हणाल्या, "तिसरा हिस्सा, साहेब."

अर्ज मंजूर झाला. चौदा दिवसांत दाव्यात दुरुस्ती करायची होती. थोरल्याचे वकील कोर्टात बसून मूळ दाव्याच्या पहिल्या पानावर हातानं लिहू लागले: प्रतिवादी क्रमांक दोन, नाव, वय वर्षे बावन्न, धंदा घरकाम, राहणार अमुक. बाई माझ्या खांद्यावरून वाचत होत्या. "वकीलसाहेब, घरकाम का लिहिलं? मी तिकडं सासरी चार एकर करते." चूक माझी होती. अर्ज मी लिहिला होता, बाईमाणूस म्हटल्यावर सवयीनं 'घरकाम' टाकलं होतं आणि ते वकील माझ्याच अर्जावरून उतरवत होते. कारकून म्हणाला, आदेश झालाय तो अर्जातल्या वर्णनाप्रमाणं, आता खाडाखोड चालणार नाही, वेगळा अर्ज द्या. दिला. त्यावर दोन्ही भावांच्या वकिलांनी एकापाठोपाठ लिहिलं, 'हरकत नाही', आणि मी काट मारून वर 'शेती' लिहिलं.