पडद्यावरची आई



आजच्या व्याख्यानासाठी आम्ही कोणी संत वा राजपुरुष न निवडता एक नटी निवडली, याचे काहींना नवल वाटेल. पण सुलोचनाबाई लाटकर आपल्याला परक्या नव्हेत. आजऱ्याहून गडहिंग्लज, संकेश्वर ओलांडून निपाणीकडे गेले की त्या भागात खडकलाट हे गाव आहे. ३० जुलै १९२८ रोजी त्यांचा जन्म तेथे झाला.

खेड्यातली ही मुलगी कोल्हापुरास आली आणि भालजी पेंढारकरांच्या हाताखाली तयार झाली. १९४८ साली भालजींचा जयप्रभा स्टुडिओ जाळला गेला. त्यांनी तो पुन्हा उभारला आणि १९४९ साली ‘मीठभाकर’ पडद्यावर आला, त्यात सुलोचनाबाई होत्या. १९५३ च्या ‘वहिनीच्या बांगड्या’ने तर त्या घरोघरच्या वहिनी झाल्या.

पुढे त्या हिंदीत गेल्या आणि आई झाल्या. १९५९ च्या ‘सुजाता’त त्यांनी नूतनला वाढवणारी आई केली, नूतन त्यांच्याहून अवघी आठ वर्षांनी लहान! १९७० च्या ‘जॉनी मेरा नाम’मध्ये त्यांचे मुलगे झाले देव आनंद आणि प्राण. एकाचा जन्म १९२३ चा, दुसऱ्याचा १९२० चा. म्हणजे दोन्ही लेक आईपेक्षा वयाने मोठे! नायकाने पन्नाशीकडे झुकतानाही बागेत गाणी म्हणावीत आणि बाईने तिशी उलटताच केस पांढरे करून घ्यावेत, ही रीत कोणाची? निर्मात्याची खरी, पण तिकीट काढून तिला मान आम्हीच दिला.

सुलोचनाबाईंनी मात्र या भूमिकांना कधी दुय्यम लेखले नाही. १९६३ च्या ‘मोलकरीण’मध्ये लेकाच्याच घरी भांडी घासणारी आई त्यांनी उभी केली. आमच्या बायाबापड्या पदर डोळ्यांना लावून थिएटराबाहेर आल्या. आम्ही पुरुषही रडलो. पण घरी जाऊन आपल्या आईच्या हातांकडे आमच्यापैकी किती जणांनी पाहिले? त्या रात्री ताट कोणी वाढले आणि खरकटे कोणी काढले?

१९९९ साली त्यांना पद्मश्री मिळाली, २००९ साली महाराष्ट्रभूषण. ४ जून २०२३ रोजी, ९४ वर्षांच्या असताना, त्या गेल्या. सन्मान झाले, हारतुरे झाले. परंतु पडद्यावरच्या आईसाठी गाळलेले आसू घरच्या आईच्या उपयोगी पडले, तरच त्या दीर्घ सेवेचे चीज झाले असे आम्ही म्हणू.