कोर्टाचा हुकूम आणि सरकारची टाळाटाळ



कोर्टाचा निकाल आपल्या बाजूने लागला की आपण पेढे वाटतो. पुढे त्या निकालाची प्रत साहेबांच्या टेबलावर महिनोन् महिने पडून राहते. विचारायला गेलो की 'वर कळवले आहे' असे ठरलेले उत्तर मिळते. ३२ व्या कलमाला बाबासाहेबांनी राज्यघटनेचा आत्मा म्हटले, कारण हक्क मोडला तर दाद मागण्याची वाट त्यात आहे. पण दाद मिळूनही सरकारने ती पाळलीच नाही तर?

त्यासाठी १२९ आणि २१५ ही कलमे आहेत. त्यांनुसार सर्वोच्च व उच्च न्यायालयांना अवमानाबद्दल शिक्षा करता येते. १९७१ च्या कायद्याप्रमाणे हुकूम जाणूनबुजून मोडणे हा दिवाणी अवमान असून त्याला सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. दंडाची रक्कम पाहून साहेब लोक हसत असतील. पण तुरुंगाचे दार पदाकडे पाहत नाही.

आपल्या महाराष्ट्राचेच उदाहरण घ्या. विनापरवाना लाकूड गिरण्या बंद ठेवाव्यात असा सर्वोच्च न्यायालयाचा १९९७ चा हुकूम असताना २००४ मध्ये सहा कारखान्यांना परवानगी दिली गेली. वनखाते सांभाळलेले मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि त्या खात्याचे प्रधान सचिव या दोघांना मे २००६ मध्ये एक महिन्याची साधी कैद झाली. त्यांनी मागितलेली माफी न्यायालयाने स्वीकारली नाही.

दुसरे प्रकरण आंध्रातील गुंटूरचे, आणि ते आपल्या जास्त जवळचे आहे. उच्च न्यायालयाची मनाई असताना जानेवारी २०१४ मध्ये एका तहसीलदाराने गोरगरिबांच्या झोपड्या पाडल्या. उच्च न्यायालयाने त्याला दोन महिन्यांची कैद सुनावली. तो सर्वोच्च न्यायालयात गेला, तोपर्यंत बढती मिळून उपजिल्हाधिकारी झाला होता. मे २०२५ मध्ये अमरावतीचे सुपुत्र न्या. भूषण गवई यांच्या पीठाने त्याच्या कुटुंबाचा विचार करून कैद टाळली, पण त्याला पुन्हा तहसीलदार केले आणि एक लाख रुपये दंड भरायला लावला. मात्र झोपड्या पडल्यापासून या निकालापर्यंत अकरा वर्षे गेली, हेही विसरू नये.

आता कामाचे बोलू. आम्ही बँकेतली माणसे, तारखेला फार जपतो. तीन महिने उलटले की चेक निव्वळ कागद. अवमानाच्या अर्जालाही अशीच मुदत आहे : हुकूम मोडल्यापासून एक वर्ष. साहेब गोड बोलून हेच वर्ष काढतात. म्हणून निकालाची प्रमाणित प्रत मिळताच ती पत्रासोबत कचेरीत द्या आणि शिक्क्याची पोच घ्या. पोच नसली की साहेब 'आम्हाला हुकूम ठाऊकच नव्हता' म्हणायला मोकळे.

विद्यार्थ्यांनी आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. 'अर्जदाराच्या मागणीचा विचार करावा' एवढाच हुकूम असेल, तर अधिकारी विचार करतो आणि कारणे देऊन मागणी फेटाळतो. हा अवमान ठरत नाही. नव्या हुकमाविरुद्ध नवी याचिका करावी लागते. मूळ हुकमात नाही ते अवमानाच्या अर्जातून मिळत नाही. तेव्हा याचिकेच्या वेळीच वकीलसाहेबांना सांगा की नेमके काय करायचे आणि किती आठवड्यांत, हे हुकमात लिहून मागा.