शामक औषधांची मुदत



हलक्या धानाची कापणी उरकून भारी धान अजून बांधीत उभे असताना, म्हणजे ज्या दिवसांत या जिल्ह्यातील कोणाही इसमाला सभासंमेलनांसाठी फुरसत नसते अशा दिवसांत, आपण वैद्यकव्यावसायिक व औषधविक्रेते तुमसरपासून लाखांदूरपर्यंतच्या सातही तालुक्यांतून येथे जमलात आणि या सभेचे अध्यक्षपद माझ्यासारख्या एका साध्या चिकित्सकाकडे सोपविलेत, याबद्दल मी आपला ऋणी आहे. अध्यक्षीय भाषणाचा एक शिरस्ता पडून गेला आहे : प्रथम स्वतःच्या अपात्रतेचा उच्चार, मग व्यवसायाच्या अधोगतीबद्दल खेद, मग सरकारदरबारी पाठवावयाच्या दरखास्तींची यादी, आणि शेवटी तरुणांना उपदेश. यांपैकी पहिली गोष्ट आपण सारे जाणताच, आणि उरलेल्या तिन्ही यापूर्वीच्या अध्यक्षांनी यथासांग उरकल्या आहेत. सबब मी आज एकाच विषयाला हात घालणार आहे.

तो विषय म्हणजे चिंता शमविणारी व झोप आणणारी जुनी औषधे : फेनोबार्बिटोन, क्लोरडायझेपॉक्साइड, डायाझेपाम, नायट्राझेपाम, आणि त्यांच्यामागून आलेले अल्प्राझोलाम. नव्या औषधांची महती सांगणारे प्रतिनिधी आपल्या दारात रोज बॅग घेऊन उभे असतात. या जुन्यांची वकिली करायला किंवा त्यांच्यावर फिर्याद मांडायला मात्र कोणी येत नाही, आणि म्हणूनच ती आपल्या हातून निव्वळ सवयीने लिहिली जातात व तितक्याच सवयीने विकली जातात.

एकोणिसाव्या शतकातील पाश्चात्य वैद्याच्या भात्यात ब्रोमाइड आणि क्लोरल हायड्रेट याहून फारसे काही नव्हते. बार्बिट्युरिक आम्ल १८६४ साली तयार झाले खरे, परंतु त्याच्या वंशातील पहिले निद्राकारक औषध उपयोगात यायला विसावे शतक उजाडावे लागले. १९१२ साली आलेले फेनोबार्बिटोन आपल्याकडे ‘गार्डिनाल’ या नावाने घरोघरी माहीत झाले आणि अपस्मारासाठी ते आजही आपली इमानेइतबारे सेवा करीत आहे. १९५५ मध्ये अमेरिकेत मेप्रोबामेट आले. त्यानंतर दोनच वर्षांनी, प्रयोगशाळेतील टेबलाची आवराआवर चालू असताना, लिओ स्टर्नबाख यांच्या हाताखाली तयार होऊन बाजूला पडून राहिलेला एक पदार्थ, टाकून द्यावयाच्या ऐवजी, तपासणीला पाठविण्यात आला. तोच १९६० साली क्लोरडायझेपॉक्साइड म्हणून बाजारात आला, आणि १९६३ साली त्याच्या पाठीवर डायाझेपाम आले. आपल्यातील वयस्करांना ‘काम्पोज’ हे नाव सांगितले की पुढचे सांगावे लागत नाही.

येथे जरा आडवाटेने जातो. आपल्याच देशातील सर्पगंधेच्या मुळीने या क्षेत्रात जे कर्तृत्व गाजविले त्याचा उल्लेख मराठी माणसांच्या सभेत व्हावयासच हवा. मुंबईच्या के. ई. एम. रुग्णालयातील डॉ. रुस्तम जाल वकील यांनी १९४९ साली उच्च रक्तदाबाच्या पन्नास रुग्णांवरील तिच्या परिणामांचा निबंध इंग्लंडमधील हृद्रोगविषयक नियतकालिकात प्रसिद्ध केला आणि जगाचे लक्ष या मुळीकडे वळले. १९५२ साली तिच्यातून रेसर्पिन वेगळे काढण्यात आले. मेंदूतील पेशी सेरोटोनिन, नॉरअ‍ॅड्रेनलिन ही द्रव्ये ज्या सूक्ष्म कुप्यांत साठवितात त्या कुप्या रेसर्पिनमुळे भरल्या जात नाहीत. कोठारच रिते झाल्यावर पेशी उत्तेजनाचा व्यवहार करणार कशाने? त्यामुळे शांतता येते, पण काही रुग्णांत ती शांतता विषादाच्या खाईत नेणारी ठरली, आणि मनोविकारांच्या चिकित्सेतून सर्पगंधा हळूहळू मागे पडली. आज मी ज्या औषधांविषयी बोलतो आहे त्यांची रीत अगदी निराळी आहे. ती काही रिकामे करीत नाहीत. मेंदूचा स्वतःचाच जो निरोध आहे त्याला ती बळ देतात.

मेंदूतील पेशी एकमेकींना दोन प्रकारचे संदेश देतात, उत्तेजक आणि निरोधक. निरोधक संदेशाचा मुख्य वाहक म्हणजे गॅमा-अमिनो-ब्युटिरिक आम्ल, ज्याला आपण ‘गाबा’ म्हणतो. मेंदूत ते असल्याचे १९५० साली दाखविले गेले. पेशीच्या आवरणात गाबाचे जे ग्राही असते ते पाच प्रथिनखंडांचे बनलेले असून त्यांच्या मधोमध एक अतिसूक्ष्म मार्ग असतो. गाबाचे रेणू ग्राहीवर बसले म्हणजे तो मार्ग उघडतो, बाहेरचे ऋणभारित क्लोराइड आयन आत शिरतात, पेशीच्या आतील भार अधिकच ऋण होतो, आणि मग ती पेशी पुढच्या उत्तेजक संदेशाला सहजासहजी दाद देत नाही.

ज्या जिल्ह्यात कोहळी समाजाने बांधलेले मालगुजारी तलाव गावोगाव आहेत तेथे यासाठी दृष्टांत शोधायला दूर जावे लागत नाही. तलावाच्या पाळीतले तुडुम उघडणारा माणूस म्हणजे गाबा, असे समजा. डायाझेपामच्या कुळातील औषधे तुडुमाला स्वतः हात लावीत नाहीत. ती ग्राहीवर निराळ्या जागी बसतात आणि त्या माणसाकडून तुडुम अधिक वेळा उघडवितात. माणूसच पाळीवर नसेल तर त्यांना काही करता येत नाही. बार्बिट्युरेटांचे तसे नाही. ती एकदा उघडलेले तुडुम अधिक वेळ उघडे धरून ठेवतात. आणि मात्रा वाढत गेली म्हणजे पाळीवर कोणी नसतानाही ती स्वतःच तुडुम उघडून बसतात.

एका कुळाची गोळी जास्त झाली तर माणूस बहुधा गाढ झोपून उठतो आणि दुसऱ्या कुळाची जास्त झाली तर लंबमज्जेतील श्वसनाचे केंद्रच निजून जाते, याचे कारण या एवढ्याशा भेदात आहे. तथापि पहिल्या कुळाच्या या सौम्यपणाला एक हद्द आहे, आणि ती हद्द आपल्या जिल्ह्यात पदोपदी ओलांडली जाते. मद्यार्कही याच ग्राहीवर अंमल चालवितो. संध्याकाळी मोहाची घेऊन रात्री झोपेची गोळी घेणारा रुग्ण आपल्या ओळखीचा नाही, असे या सभागृहातील कोणता चिकित्सक छातीवर हात ठेवून सांगेल? एकेकटी असताना जी दोन द्रव्ये त्याला जिवंत ठेवतात, तीच एकत्र आल्यावर त्याचा श्वास मंद करतात. आणि नातेवाईक मात्र ‘आज बरी झोप लागली आहे’ म्हणून त्याला उठवीत नाहीत.

नवल असे की डायाझेपामच्या कुळाची ही ग्राहीवरील जागा १९७७ साली सापडली. तोपर्यंत सतरा वर्षे ही औषधे जगभर घेतली जात होती, आणि ती मेंदूत नेमकी कोठे बसतात हे लिहिणाऱ्यालाही ठाऊक नव्हते व गिळणाऱ्यालाही. पुढे विसाव्या शतकाच्या अखेरीस उंदरांच्या जनुकांत नेमका फेरफार करून असे दाखविण्यात आले की ग्राहीचा एक उपप्रकार गुंगीला कारणीभूत आहे आणि भीती शमविण्याचे काम दुसऱ्याकडे आहे. आपल्या जुन्या गोळ्यांना ही वाटणी मान्य नाही. भयाची दखल घेणारा बदामाच्या आकाराचा केंद्रक, चालण्याचा तोल राखणारे अनुमस्तिष्क, नव्या स्मृती रुजविणारा हिप्पोकॅम्पस, या सर्वांच्या दारी त्या सारख्याच हक्काने जातात. म्हणून चिंता उतरते, पण रात्री अंगणात उठलेली म्हातारी पडते, तिच्या खुब्याचे हाड मोडते, आणि ती पडली कशी हे तिला सकाळी आठवत नाही. वृद्धांच्या शरीरात तर डायाझेपाम व त्याचे विघटित अंश कित्येक दिवस रेंगाळतात. आजच्या गोळीत कालची व परवाची मिसळलेली असते.

आता या विषयाच्या मर्माकडे येतो. मेंदू मोठा हिशेबी आहे. बाहेरून निरोधाचे माप वाढले की तो आपल्या ग्राहींची संवेदनक्षमता उतरवितो, त्यांची घडण बदलतो, आणि ग्लुटामेटची उत्तेजक बाजू चढवून जमाखर्च जुळवितो. गोळी चालू आहे तोवर हा हिशेब जुळलेला राहतो, आणि काही आठवड्यांत झोपेवरचा परिणाम तेवढा ओसरतो. गोळी एकाएकी थांबली म्हणजे मात्र निरोध नाहीसा होतो, चढविलेली उत्तेजना जागच्या जागी राहते, आणि रुग्णाला निद्रानाश, कंप, घाम, पूर्वीहून दुप्पट भीती, आणि प्रसंगी झटके व भ्रम यांना तोंड द्यावे लागते. हे पुस्तकातले वर्णन नव्हे. आपल्या नांदेडला लागून असलेल्या निजामाबादेत आणि तेलंगणाच्या इतर भागांत २०१५ साली भेसळीच्या ताडीवर सरकारने कडक कारवाई केली. त्या ताडीत क्लोरल हायड्रेट, डायाझेपाम, अल्प्राझोलाम ही द्रव्ये मिसळली जात. पिणाऱ्यांना आपण ताडी पितो एवढेच ठाऊक होते. भेसळ बंद होताच माणसे थरथरू लागली, असंबद्ध बोलू लागली, झटके येऊन कोसळू लागली, आणि हैदराबादच्या एर्रागड्डा येथील मनोरुग्णालयात त्यांची रीघ लागली. हुकूम हेतूने योग्यच होता; मेंदूच्या हिशेबाची विचारपूस मात्र त्याच्या अमलबजावणीत कोणी केली नव्हती.

आपल्याकडे ताडीची आवश्यकता नाही, चिठ्ठी पुरेशी आहे. लाखांदूरकडच्या एक वृद्ध बाई माझ्याकडे आल्या, तेव्हा त्यांनी लुगड्याच्या ओच्यातून प्लास्टिकच्या पिशवीत जपलेली एक चिठ्ठी काढली. घडीवर ती फाटली होती, चिकटपट्टीने सांधलेली होती. तारीख पुसून गेली होती, गोळीचे नाव तेवढे शाबूत होते. यजमान वारले तेव्हा काही रात्रींपुरती म्हणून कोणीतरी दिलेली ती गोळी नातवंडे कर्ती झाली तरी चालूच होती. “साहेब, गोळी नाही घेतली तं डोरा लागत नाही जी,” असे त्या म्हणाल्या. आणि ते अक्षरशः खरे होते, कारण आता झोप न लागण्याचे कारण यजमानांचा वियोग नसून खुद्द गोळी होती. मी ती बंद केली नाही. बाईंनी सुपारीच्या अडकित्त्याने गोळीचे चार तुकडे करावेत, काही आठवडे तीन तुकडे घ्यावेत, मग दोन, असा क्रम ठरविला. दोन तुकड्यांवर त्या बरेच महिने अडून बसल्या. तेथून खाली यायला त्या तयार होईनात, आणि मीही घाई केली नाही. रात्रीचे पडणे मात्र थांबले.

म्हणून या औषधांवर बहिष्कार घाला असे मी सांगणार नाही. न थांबणारा अपस्माराचा झटका, दारू सुटतानाचा कंप व भ्रम, धनुर्वातातील स्नायूंचे आकुंचन, येथे त्यांच्यासारखा तारणहार नाही. दोष आहे तो मुदत नसलेल्या चिठ्ठीचा. चिंतेसाठी ही औषधे दोन ते चार आठवड्यांपलीकडे नेऊ नयेत, हे आपण विद्यार्थिदशेत शिकलो. पण धान बुडालेल्या शेतकऱ्याला सावकाश बोलते करण्याइतका वेळ दवाखान्याच्या गर्दीत नसतो, आणि नागपूरच्या प्रादेशिक मनोरुग्णालयापर्यंत जायला रुग्ण राजी नसतो. आता ‘टेली-मानस’ची १४४१६ ही दूरध्वनीसेवा २०२२ पासून उपलब्ध आहे. चिठ्ठीच्या तळाशी तेवढा क्रमांक लिहायला आपले काय जाते?

औषधविक्रेते बंधूंना कायद्याची आठवण करून देणे हा माझा अधिकार नव्हे, तरीही बोलतो. १ मार्च २०१४ पासून अल्प्राझोलाम, डायाझेपाम, नायट्राझेपाम ही औषधे अनुसूची ‘एच-१’ मध्ये आहेत. त्यांच्या विक्रीची स्वतंत्र नोंदवही ठेवून लिहिणाऱ्याचे, घेणाऱ्याचे व औषधाचे नाव आणि दिलेली संख्या तीत नमूद करावयाची, आणि ती तीन वर्षे जपावयाची, असा नियम आहे. निरीक्षकाला दाखविण्यापुरती ती वही भरणे आणि तीच वही स्वतः चाळून कोणते नाव महिन्यामागून महिना पुन्हा पुन्हा रुजू होते हे पाहणे, यांत फार अंतर आहे.

माझी मागणी मोठी नाही. चिकित्सकांनी या कुळातील गोळी लिहिताना ती ज्या तारखेस संपवावयाची ती तारीख त्याच चिठ्ठीवर लिहावी, आणि रुग्ण दारू घेतो काय हे विचारल्यावाचून पेन उचलू नये. औषधविक्रेत्यांनी मुदत सरलेल्या चिठ्ठीवर गोळी देऊ नये. मात्र जुन्या रुग्णाला तसेच हुसकून न लावता त्याच दिवशी चिकित्सकाकडे परत पाठवावे, कारण त्याची गोळी एकाएकी तुटणे हे ती चालू राहण्याहून घातक आहे. ही तजवीज उद्या सकाळी आपापला दवाखाना व दुकान उघडताच सुरू व्हावी, एवढी विनंती करून मी आपली रजा घेतो.