फुरसतीची मालकी कोणाकडे?

(गंगाखेड येथे कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



गोदावरीच्या काठी वसलेले गंगाखेड महाराष्ट्राला ठाऊक आहे ते संत जनाबाईचे जन्मगाव म्हणून. येथली ही मुलगी लहानपणीच पंढरपुरास नामदेवांच्या घरी कामाला राहिली आणि जन्मभर दासीच राहिली. दळण, कांडण, सडासारवण, पाणी भरणे, गोवऱ्या वेचणे हा तिचा दिनक्रम. सातशे वर्षांपूर्वीच्या त्या बाईला हक्काची अशी घटकाभर सुटी नव्हती. तरीही मराठीतील काही अत्यंत मोकळी आणि निर्भय कविता तिच्या नावावर आहे. यावरून एक सोपा निष्कर्ष काढण्याचा मोह होतो : मन समाधानी असले म्हणजे फुरसत हवी कशाला? कष्टातच आनंद मानावा. हा उपदेश आजवर अनेकांनी केला आहे. मात्र तो करणाऱ्यांचे दळण बहुधा दुसऱ्याच कोणी दळलेले असते.

वस्तुतः जनाबाईची कथा याच्या नेमके उलट सांगते. त्या कथेतील विठ्ठल तिला कष्टात आनंद मानण्याचा उपदेश करीत नाही. तो जात्याच्या पलीकडे बसतो आणि खुंट्याला हात लावतो. कष्टकरी बाईच्या मनाला देव दिसला तो कामाचा निम्मा वाटा उचलणारा सोबती म्हणून. फुरसत, मनाचे स्वास्थ्य आणि श्रमाची वाटणी या तीन गोष्टी एकमेकींपासून तोडता येत नाहीत, हे त्या एका चित्रात आले आहे. आजच्या विवेचनाचा विषयही तोच आहे.

समाजवादी चळवळीत फुरसतीचा विषय काढला की एक आक्षेप हमखास येतो. ज्यांना पोटभर अन्न नाही त्यांच्यापुढे विरंगुळ्याच्या गप्पा कशाला? हा आक्षेप जुना आहे आणि प्रामाणिकही आहे. सुमारे शंभर वर्षांपूर्वी व्हिएन्नातील काही तरुण समाजवादी संशोधकांनी कामगारांच्या फुरसतीचा अभ्यास करण्याचे ठरविले. त्यांनी ऑस्ट्रियन समाजवादी पक्षाचे नेते ऑटो बाउअर यांचा सल्ला घेतला, तेव्हा बाउअर यांनी त्यांना झिडकारले. देशात बेकारी माजली असता फुरसतीचा अभ्यास कसला करता, बेकारीचा करा, असे त्यांनी सांगितले. मग मारी याहोडा, पॉल लाझार्सफेल्ड आणि हान्स झाइझेल यांनी मारीएन्टाल हे खेडे निवडले. तेथील कापड गिरणी १९२९-३० मध्ये बंद पडली होती आणि जवळजवळ सारे गाव बेकार झाले होते. १९३३ साली प्रसिद्ध झालेला हा अभ्यास बेकारीचा म्हणून गाजला. परंतु फुरसतीविषयीही त्याच्याइतके स्पष्ट बोलणारे पुस्तक क्वचितच सापडेल.

सर्वसाधारण समजुतीप्रमाणे या गावाजवळ वेळच वेळ होता, तेव्हा वाचन, चर्चा, खेळ आणि पक्षकार्य यांना भर यावयास हवा होता. घडले ते उलटे. कामगारांच्या वाचनालयाने वर्गणी रद्द केली, तरी वाचायला नेल्या जाणाऱ्या पुस्तकांची संख्या सुमारे निम्म्यावर आली. पक्षाचे दैनिक बेकारांना सवलतीने मिळत असूनही त्याचे वर्गणीदार निम्म्याहून अधिक घटले. पुरुष रस्त्याने चालताना वारंवार थांबू लागले. दिवसभर काय केले, असे विचारले तर त्यांना सांगता येईना. त्यांच्या हाती वेळ होता, पण त्या वेळेला आकार नव्हता, उद्देश नव्हता, उद्याचा भरवसा नव्हता. राजकारणही त्या रिकामपणात विरून गेले. कार्यकर्त्यांनी ही गोष्ट विशेष ध्यानात ठेवावी : बेकारी माणसाला आपोआप क्रांतिकारक करीत नाही, पुष्कळदा ती त्याला नुसते गप्प करते.

मराठीत 'सवड' आणि 'रिकामपण' हे दोन वेगळे शब्द आहेत. सवड माणूस काढतो; रिकामपण अंगावर येते. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ जॉन न्यूलिंगर यांनी १९७४ साली फुरसतीच्या मानसशास्त्रावर ग्रंथ लिहिला. त्यातील मुख्य सिद्धान्त आपल्या भाषेत आधीपासूनच आहे. घड्याळावर किती तास मोकळे दिसतात यावर फुरसत ठरत नाही. आपण हे स्वेच्छेने, त्या कृतीच्याच ओढीने करीत आहोत, ही जाणीव असेल तर ती फुरसत, असे त्यांचे म्हणणे. मात्र केवळ जाणिवेपाशी थांबून चालणार नाही. स्वेच्छेची जाणीव टिकायला काही भौतिक आधार लागतो. उद्याच्या भाकरीची खात्री नसेल तर आजच्या मोकळ्या संध्याकाळीही मन मोकळे होत नाही. 'रिकामा न्हावी भिंतीला तुंबड्या लावी' म्हणून लोक हसतात. पण त्याच्याकडे गिऱ्हाईक का आले नाही, हे ती म्हण विचारीत नाही. ते विचारणे हे अर्थशास्त्राचे काम आहे.

आता हाच हिशेब गंगाखेडच्या परिसरास लावून पाहावा. गंगाखेड, पालम, सोनपेठ या भागाच्या बालाघाटी पट्ट्यात जमीन हलकी आणि शेती पावसावर. दिवाळीच्या सुमारास येथली कुटुंबे ऊसतोडीला निघतात. नवराबायकोच्या जोडीला तेथे माणसांचे नावही उरत नाही. तिला 'कोयता' म्हणतात. पैसे टनावर मिळत असल्याने कामाला तास नाहीत. बाई पहाटेच्या अंधारात उठून स्वयंपाक उरकते, दिवसभर तोडलेला ऊस बांधते, मोळ्या डोक्यावरून वाहते. आणि मध्यरात्री गाडी आली तर तेव्हाही उठून भरावी लागते. खाडा झाला तर दंड. हंगामाचे सहा महिने त्या जोडप्याच्या दिवसातील एकही प्रहर त्यांचा स्वतःचा नसतो.

पाडव्याच्या आसपास माणसे परततात. मग दुसरी अवस्था सुरू होते. पेरणीपर्यंत हाताला काम नाही. पाराखाली, चहाच्या हॉटेलात, स्टँडवर माणसे बसून असतात. पाहणाऱ्याला वाटते, यांना काय फुरसत! पण ती फुरसत नव्हे. मुकादमाकडून पुढच्या हंगामाची उचल बहुधा घेतलेली असते, किंवा मागची अजून फिटलेली नसते. म्हणजे हाती दिसणारा मोकळा वेळही गहाण पडलेला आहे. वर्षाच्या एका भागात वेळ हिसकावून घेतला जातो आणि दुसऱ्या भागात तो निरुपयोगी करून परत केला जातो. थकवा आणि रिकामपण ही दोन वेगळी दुखणी नव्हेत. वेळेवरील मालकी गेली की एकदा एक दिसते, एकदा दुसरे.

या मालकीच्या अभावाची किंमत शरीर कशी मोजते, हे शेजारच्या बीड जिल्ह्याने दाखविले आहे. २०१९ साली राज्य शासनाने नेमलेल्या समितीच्या काळात तेथील ८२ हजारांहून अधिक ऊसतोड स्त्रियांची पाहणी झाली. त्यांपैकी १३ हजारांहून अधिक स्त्रियांची गर्भाशये काढलेली आढळली. कारणे अनेक असतील. पण दुखण्याच्या दिवसांत विसावा घेण्याची सोय नाही आणि खाडा परवडत नाही, हे त्यांतील एक मोठे कारण असल्याचे तेथील बायकांनीच सांगितले आहे. दोन दिवसांची विश्रांती मागता येत नाही म्हणून अवयव काढून टाकायचा! फुरसत हा चैनीचा विषय आहे असे म्हणणाऱ्यांनी या आकड्यापुढे क्षणभर उभे राहावे.

येथे कोणी म्हणेल की, शरीराला आराम मिळाला म्हणजे प्रश्न मिटला. तेही खरे नाही. दर वर्षी आषाढीपूर्वी शेगावची पालखी गंगाखेडवरून पुढे जाते. तिच्यात चालणारा शेतकरी रोज मैलोगणती पायपीट करतो, उघड्यावर झोपतो, मिळेल ते खातो. कष्टाच्या मापाने पाहिले तर हे कामच आहे. तरीही तो ताजातवाना होऊन परततो. कारण ते चालणे त्याने स्वतः निवडलेले असते, त्याला सोबत असते, दिशा असते, पोहोचण्याचे ठिकाण असते. याहोडाबाईंनी नोकरी माणसाला पैशाखेरीज काय देते याची जी यादी पुढे केली, तीत दिवसाला बांधणी, घराबाहेरचा माणसांशी संबंध, सामूहिक उद्दिष्ट, समाजातील स्थान आणि नियमित कृती या पाच गोष्टी आहेत. वारी त्यांतील बहुतेक देते. बेकार माणसाचा पार यांतील फारसे काही देऊ शकत नाही. म्हणून फुरसतीचा विचार म्हणजे केवळ आळसाचा हक्क नव्हे. स्वतःच्या इच्छेने, इतरांच्या सोबतीने काही करण्याचा तो हक्क आहे.

या हक्काची सर्वांत विषम वाटणी घरात आहे. केंद्र शासनाने २०१९ मध्ये देशभर वेळेच्या वापराची पाहणी केली. घरातील बिनमोल काम करणाऱ्या स्त्रिया त्यावर दिवसाला सरासरी २९९ मिनिटे खर्च करीत होत्या. तेच काम करणारे पुरुष ९७ मिनिटे खर्च करीत होते; आणि असे पुरुष होते शेकडा २६ च. मारीएन्टालमध्येही पुरुषांचे पाय रेंगाळत होते तेव्हा बायका लगबगीने चालत होत्या, कारण गिरणी बंद झाली तरी चूल बंद झाली नव्हती.

यंत्राने ही वाटणी आपोआप सुधारत नाही. मराठी बायकांनी जात्यावर रचलेल्या ओव्या गी पॉइटव्हँ आणि हेमा राईरकर यांनी गावोगाव फिरून जमविल्या. त्यांची संख्या लाखाच्या घरात गेली. पुढे पिठाची गिरणी आली आणि पाठ मोडणारे एक काम टळले, हे फारच चांगले झाले. जात्याच्या आठवणीने गळा काढण्याचे कारण नाही. पण पहाटेची ती वाचलेली वेळ बाईच्या पदरात पडली का? बहुतेक घरांत ती दुसऱ्या कामाने गिळली. ओवी गेली आणि सवड मात्र आली नाही. डॉ. आंबेडकरांनी गांधीवादावर टीका करताना १९४५ मध्ये असे प्रतिपादन केले होते की, माणसाला पशुतुल्य जिण्यातून सोडवून फुरसत व सुसंस्कृत जीवन द्यायचे तर यंत्रे हवीतच. दोष यंत्रांचा नाही, त्यांचा लाभ मूठभरांकडे नेणाऱ्या समाजरचनेचा आहे. पिठाची गिरणी या विधानाची साक्ष घरोघर देते.

फुरसत कोणी दान म्हणून दिलेली नाही, हेही मराठी माणसाने विसरू नये. नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ साली मुंबईच्या गिरणी कामगारांची संघटना उभारली आणि साडेपाच हजार कामगारांच्या वतीने आठवड्याला एक सुटी, दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती, कामाच्या तासांना मर्यादा या मागण्या मांडल्या. सहा वर्षांनी, एप्रिल १८९० मध्ये, महालक्ष्मीला सुमारे दहा हजार कामगारांची सभा भरली. तीत दोन कामगार स्त्रियांनीही भाषणे केली. १० जून १८९० रोजी मालकांनी रविवारची सुटी मान्य केली. आज ज्या रविवारी सुशिक्षित मध्यमवर्ग निवांत पडून असतो, तो रविवार सत्यशोधक लोखंड्यांनी आणि निरक्षर गिरणी कामगारांनी मिळविलेला आहे. राज्यघटनेच्या ४३ व्या अनुच्छेदाने तर शेतीतील कामगारासह सर्व कामगारांना निर्वाह वेतन आणि फुरसतीचा पूर्ण उपभोग मिळावा, असे राज्याचे कर्तव्य सांगितले आहे. घटनेने शेतमजुराला वगळले नाही. वगळले ते व्यवहाराने.

शेवटचा आक्षेप असा की, मोकळा वेळ मिळाला तर लोक तो दारूत आणि मोबाइलच्या पडद्यावर घालवतील. काही घालवतील. पण हा आक्षेप श्रीमंतांच्या सुटीवर कोणी घेत नाही. शिवाय थकलेल्या माणसाला सर्वांत स्वस्त आणि सर्वांत जवळ काय आहे, हेही पाहिले पाहिजे. वाचनालयाला कुलूप असेल, मैदानावर अतिक्रमण असेल, नाट्यमंडळाला जागा नसेल, तर पडदाच उरतो. फुरसत चांगली घालविण्याची सवयही फुरसतीतूनच लागते.

तेव्हा या तालुक्यात चळवळीच्या मागण्यांत भाववाढीबरोबर वेळेचाही उल्लेख असला पाहिजे. तोडणीच्या हंगामात आठवड्याला एक भरपगारी सुटी; आजारपणातील आणि पाळीच्या दिवसांतील खाड्याचा दंड बंद; रात्रीच्या भरणीला वेगळा मोबदला; फडावर पाळणाघर; आणि हंगाम संपल्यावर गावातच काम, म्हणजे उचलीची गरजच कमी होईल. या मागण्या मानसिक स्वास्थ्याच्याही आहेत. ते नुसत्या औषधाने किंवा प्रवचनाने येत नाही.

आणि एक काम मुकादमाशी किंवा सरकारशी न भांडता करता येण्याजोगे आहे. पक्षाच्या बैठका संध्याकाळी सात वाजता ठेवल्या जातात आणि मग बायका येत नाहीत अशी खंत व्यक्त होते. सात वाजता घरोघर चूल पेटलेली असते. बैठकीला बसलेल्या प्रत्येक पुरुषाची ती दोन तासांची सवड कोणीतरी घरी कष्टून त्याला दिलेली असते. जनाबाईच्या गावात तरी हा हिशेब कोणाला समजावून सांगावा लागू नये. विठ्ठल जात्याला हात लावायला आला, असे ज्या गावाने शतकानुशतके अभिमानाने सांगितले, त्या गावातील कार्यकर्त्याने आधी घरी जाऊन खुंट्याला हात लावावा, आणि मग दोघांनी मिळून बैठकीला यावे.