‘मी’ म्हणणारा कोण?

(जळगाव येथे दिलेल्या व्याख्यानाचा संपादित अंश)



खानदेश म्हटला की बाहेरच्यांना केळी, कापूस आणि वैशाखातले ऊन आठवते. परंतु ज्यांचे मंदिर तापी-पूर्णेच्या संगमावर उभे आहे, त्या चांगदेवांनी ज्ञानदेवांना कोरा कागद धाडला आणि उत्तरादाखल त्यांना पासष्ट ओव्या आल्या, ही कथाही याच मातीतली आहे. त्या ओव्यांचा विषय एकच, आत्मस्वरूप. आज मी बोलणार आहे, ते याच प्रश्नाच्या विसाव्या शतकातील एका शोधाविषयी. तो शोध ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाला आपल्या अमळनेरातून.

श्रीमंत प्रतापशेठ यांनी १९१६ साली अमळनेर येथे तत्त्वज्ञान मंदिराची स्थापना केली. गिरणीच्या भोंग्यावर ज्या गावाचे घड्याळ चाले, तेथे देशभरातून विद्वान येऊन अद्वैताचा अभ्यास करू लागले. याच संस्थेने १९३० साली कृष्णचंद्र भट्टाचार्य या बंगाली तत्त्वचिंतकाचा ‘द सब्जेक्ट ॲज फ्रीडम’ हा छोटा, पण अत्यंत कठीण इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यात जुन्या वचनांची उजळणी नाही. अद्वैताची जाण आणि पाश्चात्त्य तत्त्वज्ञानाचा व्यासंग यांतून एक नवीच मांडणी त्यांनी उभी केली.

तिचा गाभा साध्या भाषेत सांगण्याचा प्रयत्न करतो. ‘हा तांब्या’ असे मी म्हटले, तर आपण सर्व त्याच एका वस्तूकडे पाहाल. पण ‘मी’ हा शब्द मी उच्चारला आणि तोच आपण उच्चारला, तर तो प्रत्येकाच्या तोंडी निराळ्याकडे निर्देश करतो. म्हणून ‘मी’ ही बोट दाखवण्याजोगी वस्तू नव्हे. मग तो आहे तरी काय?

भट्टाचार्य आपल्याला एकेक पायरी आत नेतात. पहिली पायरी देहाची. पण आरशात दिसणारा देह वेगळा आणि आतून जाणवणारा देह वेगळा. डोळे मिटले तरी माझा हात कोठे आहे हे मला कळते. याच पायरीच्या कडेला ते अभावाचे ज्ञान ठेवतात. घरातील वडीलधारे माणूस गेल्यावर ओसरीवरचा झोपाळा रिकामा दिसतो. डोळ्यांना दिसतो तो केवळ झोपाळा, तरीही ‘नाहीत’ हे आपल्याला कळते. येथून मनाचा प्रांत सुरू होतो. मनात उमटणारी प्रतिमा, त्यापुढे विचार, त्याहून आत भावना आणि अखेर स्वतःकडे वळलेली दृष्टी. दरेक टप्प्यावर एकच गोष्ट घडते. ज्याला मी ‘मी’ समजत होतो, ते माझ्यासमोरचे ‘ते’ ठरते आणि पाहणारा एक पाऊल मागे सरून मोकळा होतो. हे मोकळे होणे हेच आत्म्याचे स्वरूप. ही अखेरची मुक्ती केवळ तर्काने हाती येते असा त्यांचा दावा नाही. ती साधनेने गाठावयाची आहे.

आता आपल्यापैकी कोणी विचारील, आणि विचारलेच पाहिजे, की असे मागे मागे सरत गेलेला माणूस समाजाच्या काय उपयोगाचा? हा आक्षेप हलका नाही. या प्रश्नाचे उत्तर शोधण्यासाठी अमळनेरहून तासाभराच्या अंतरावरील धुळ्याला जावे लागते.

ग्रंथ प्रसिद्ध झाल्यानंतर अवघ्या दोन वर्षांनी, २१ फेब्रुवारी ते १९ जून १९३२ या काळात, धुळ्याच्या तुरुंगात विनोबांनी दर रविवारी गीतेवर प्रवचने दिली. ती उतरवून घेतली साने गुरुजींनी. हेच गुरुजी पूर्वी अमळनेरच्या तत्त्वज्ञान मंदिरात अभ्यासासाठी राहिले होते आणि पुढे तेथील शाळेत शिक्षक झाले. दुसऱ्या अध्यायावर बोलताना विनोबांनी आत्म्याची अखंडता आणि देहाची क्षुद्रता यांच्यासोबतच स्वधर्म सांगितला. शिवाय, सिद्धान्त कळणे पुरेसे नाही, तो जगण्यात उतरविण्याची कलाही हवी, हे बजावले. ती ऐकणाऱ्या गुरुजींनी मे १९४७ मध्ये पंढरपूरचे विठ्ठल मंदिर अस्पृश्यांना खुले व्हावे म्हणून उपोषण आरंभिले. आत्मविचार माणसाला समाजापासून दूर नेतोच असे नाही, याचा याहून बोलका दाखला कोणता?

बंधूंनो, एक घरचीच गोष्ट सांगतो. माझे आजोबा रोज पहाटे स्नान करून दुसरा अध्याय म्हणत. त्यांचा स्वर अजून कानात आहे. आमच्या शेतावर एक सालदार होता, मला खांद्यावर बसवून मळ्यात नेणारा. त्याच्या चहाची कपबशी गोठ्याच्या कोनाड्यात निराळी ठेवलेली असे आणि ती तोच विसळी. आत्मा सर्वांभूती एक आहे हे ओसरीवर म्हटले जाई, आणि पंचवीस पावलांवर ती बशी पालथी पडलेली असे. आम्हा कोणालाही त्यात विसंगती दिसली नाही. मलाही नाही. ती दिसली फार उशिरा, तोवर तो सालदार या जगात नव्हता.

भट्टाचार्यांचा ग्रंथ वाचताना मला तो कोनाडा आठवला. जात ही या देहाला समाजाने चिकटविलेली ओळख आहे. जो तिलाच ‘मी’ म्हणतो, तो पहिल्या पायरीवरही चढलेला नाही, मग त्याला सातशे श्लोक मुखोद्गत का असेनात! आजोबा खोटे नव्हते. त्यांचे पाठांतर खरे होते, श्रद्धाही खरी होती. फक्त ती श्रद्धा ओसरीवरून गोठ्यापर्यंत चालत गेली नाही.

आपण समाज एकरस व्हावा असे म्हणतो. तो घोषणेने होणार नाही. आज घरी गेल्यावर आपापल्या स्वयंपाकघरातील फडताळ एकदा उघडून पाहा. धुणीभांडी करणाऱ्या ताईंसाठी त्यात निराळा कप असेल, तर आत्म्याविषयीची आपली सारी चर्चा तेथेच अडली आहे असे समजा. तो कप बाजूला करून घरातल्याच कपात त्यांना चहा द्या, आणि आपणही त्यांच्यासोबत बसून घ्या. अमळनेरचा तो कठीण ग्रंथ समजून घेण्याची सुरुवात यापासून करता येईल, असे मला वाटते.