लिहायला कोण शिकविणार?
(कोल्हापुरातील विद्यार्थ्यांपुढील भाषण)



शाहू महाराजांनी १९१७ साली प्राथमिक शिक्षण सक्तीचे व मोफत करण्याचे पाऊल उचलले आणि बहुजनांच्या घरी अक्षर पोहोचले. १९६२ साली शिवाजी विद्यापीठ स्थापन झाले. कष्टकऱ्यांची मुले प्रबंधापर्यंत आली. अक्षराचा हक्क मिळाला. युक्तिवादाचा मिळाला काय?

वर्गात निबंध लिहून घेतले जातात, शिकविले जात नाहीत. ज्याच्या घरी ग्रंथ होते, तो मांडणीची रीत कानावरून उचलतो. ज्याच्या घरी नव्हते, तो उसनी वाक्ये जुळवितो; 'असे दिसून येते' म्हणून पुराव्याची जागा भरतो. मग दोष त्याच्या बुद्धीला लागतो, व्यवस्थेला नव्हे!

याच शहरात राजाराम कॉलेजात फारसी शिकविणाऱ्या माधवराव पटवर्धनांनी, अर्थात कवी माधव जूलियनांनी, 'छंदोरचने'ची विस्तृत आवृत्ती १९३७ साली सिद्ध केली. वृत्त, जाती, छंद अशी वर्गवारी, आणि नियमाला उदाहरणाचा आधार! १९३८ साली मुंबई विद्यापीठाने या मराठी ग्रंथास डी. लिट्. दिली. शास्त्र मराठीला पेलत नाही, ही सबब तेव्हाच निकालात निघाली.

गोविंद पानसरे यांचे 'शिवाजी कोण होता?' मुळात एक भाषणच. शीर्षकातच प्रश्न, उत्तर साध्या मराठीत. २०१५ साली याच शहरात त्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. युक्तिवादाची किंमत याहून निराळी काय सांगावी?

म्हणून पूर्वपक्ष प्रामाणिकपणे मांडणे, पुरावा तोलणे, मगच निष्कर्ष काढणे, हे पदवीच्या पहिल्या वर्षापासून शिकविले पाहिजे. ही कृपा नव्हे; १९१७ च्या कार्याचा तो उरलेला अर्धा भाग आहे.